सव्वादोनच्या बांगड्या

दत्ता, डाव्या हाताला पट्टी आहे, त्यामुळे वही सारखी सरकते. कोपरानं दाबून धरलीय आणि उजव्यानं लिहितेय. परवा तुझा तेरावा झाला म्हणे. मला कुणी बोलावलं नाही, मीही गेले नाही. खानावळीला कुलूप आहे. कॉलेजच्या पोरी दोन आठवडे स्टँडवरचे वडे खातायत आणि येता-जाता खिडकीतून डोकावतायत, काकू कधी उघडणार म्हणून. चारचौघांत मी तुला अहो म्हणायचे आणि दोघंच असलो की तू. आता दोघंच आहोत, म्हणून तू.

पिंपळवंडीच्या फाट्यावर तुझा बोर्ड लागलाय. गुलालानं माखलेला फोटो, गळ्यात हार, खाली मोठ्या अक्षरात घाटाचा राजा हरपला. असेल बाबा. मला त्या राजाशी काही बोलायचं नाही. मला तुझ्याशी भांडायचंय. रडू सगळ्यांसमोर येऊन गेलं, राग तेवढा राहिलाय. तू असा माणूस होतास की तुझ्याशी कधी भांडताच आलं नाही. मी ओरडले की तू वैरण टाकायला उठायचास. चौदा वर्षांत एक धड भांडण दिलं नाहीस मला.

लग्न घरच्यांनी ठरवलं होतं. प्रेम मात्र आपण आपलं केलं, आणि ते कुठं सुरू झालं ते मला नेमकं माहीत आहे. हळद अजून अंगावर होती, माघाचा महिना, आपण ओझरला गणपतीच्या पाया पडायला गेलो होतो. देवळाबाहेर कासारीण बसली होती. तिनं माझा हात हातात घेतला, नुसता दाबून माप सांगितलं, सव्वादोन, आणि हिरव्या बांगड्या भरायला लागली. तिचा हात म्हणजे चिमटाच. माझ्या डोळ्यात पाणी आलं, पण नवी नवरी, बोलणार काय? तू मागं उभा होतास. सगळ्या बायांसमोर म्हणालास, "हळू, मावशी. हाडं हैत ती, ऊस न्हाई." बाया खो-खो हसल्या. कासारीण म्हणाली, आगं बाई, पावण्याला लईच लागतंय. तुझे कान लाल झाले होते. मी त्या कानांच्याच प्रेमात पडले म्हण.

पहिली दोन वर्षं काय होती रे. भर दुपारी डिझेलचा कॅन शोधायला म्हणून तू विहिरीवरनं घरी यायचास. कॅन विहिरीवरच्या इंजिनाजवळच आहे हे आत्याबाईंनासुद्धा माहीत होतं. कांद्याच्या चाळीमागं बसून तू भाजलेल्या शेंगा फोडून दाणे माझ्या हातावर द्यायचास आणि स्वतः एक खायचा नाहीस. तिथं मी तुला पहिल्यांदा दत्ता म्हटलं. तू इकडं तिकडं बघितलंस आणि म्हणालास, परत म्हण. आत्याबाई साठीच्या, पण तुझ्या आईचे कान हरणाचे, म्हणून मी पुटपुटायचे.

मग तिसऱ्या चैत्रात गावची यात्रा आली आणि मी पहिल्यांदा तुझा गाडा बघितला; आधीच्या दोन यात्रांना मी माहेरी होते.

खानावळीत मुंबईची एक मुलगी आहे, तिला मी यात्रेच्या आधी समजावून सांगत होते. चढाची वाट असते, तिला घाट म्हणायचं. चार बैलांचा गाडा, गाड्यात माणूस नाही. पुढं घोडीवाला पळतो, त्याच्यामागं बैल, आणि दहा-बारा सेकंदांत सगळा खेळ. बैल जुंपताना आठ-दहा माणसं त्यांना धरून ठेवतात आणि झेंडा पडला की सोडतात. ती म्हणाली, वा, काय छान. मी पुढचं सांगितलं नाही.

पुढचं असं की मी बायांबरोबर वरच्या बांधावर उभी होते, माझी मान उंच. आपल्या गाड्याची बारी आली. तू मागच्या बैलापाशी वाकलास. मला वाटलं काहीतरी बांधतोयस. तू बैलाची शेपटी दोन्ही हातांनी धरलीस, तोंडात घातलीस आणि चावलास. मका खाताना माणूस मान हलवतो ना, तशी मान हलवून चावलास. बैल असा काही ओरडला की माझ्या शेजारच्या बाईच्या कडेवरचं पोर रडायला लागलं. गाडा सुटला, धुरळा उडाला, लोक टोप्या फेकत होते. धुरळा बसल्यावर तू दिसलास. हसत होतास आणि हनुवटीवरनं रक्त ओघळत होतं. दातात केस अडकले होते, ते तू बोटानं काढलेस.

संध्याकाळी वाजत-गाजत आलात. मी दारात ताट घेऊन उभी. बैलांच्या पायावर पाणी घातलं, त्यांना ओवाळलं, तुला ओवाळलं. त्या बैलाची शेपटी चिंधीनं बांधलेली होती. आत आल्यावर तू माझ्याजवळ आलास आणि मी तोंड फिरवलं. तू विचारलंस काय झालं. मी म्हटलं, तोंड धुऊन या. तू धुतलंस. साबण लावून धुतलंस, कडुनिंबाची काडी चावलीस, परत आलास. मी परत फिरवलं. तू समजावत होतास, अगं, त्याला काय लागत न्हाई, चेव येतो नुसता, समदेच करत्यात. तुझं खरंच होतं, समदेच करत होते. माझ्या बापानंही केलं असेल. पण मी त्या तोंडाच्या प्रेमात होते, दत्ता. ह्याला मी काय करू?

आपलं तुटलं ते त्या दिवशी, असं मी पुष्कळ दिवस स्वतःला सांगत आले. खोटं आहे ते. एका दिवसात कुठं तुटतं? त्यानंतरही आपण सिनेमाला नारायणगावला गेलो, तुझा ताप मी रात्रंदिवस काढला, मूल होत नाही म्हणून पुण्याच्या डॉक्टरांकडं एस्टीनं चार खेपा केल्या आणि येताना तू मला खिडकीची जागा दिलीस. फक्त मी दोघंच असतानाही तुला अहो म्हणायला लागले. तुला कळलं होतं. तू विचारलं नाहीस, मी सांगितलं नाही.

मग तू हरण्याला आणलंस. दोन वर्षांचं खोंड, पांढरंशुभ्र, डोळ्यांत काजळ घातल्यासारखं. मी त्याला भाकरी चारायचे, तो माझा पदर चघळायचा. आणि एक दिवस मी गोठ्यात ताक द्यायला आले तर तू त्याला पळायला शिकवत होतास. टोकाला खिळा ठोकलेली काठी. त्याच्या मांडीवरनं रक्ताचे चार ओघळ आले होते. तो खुंट्याभोवती फिरत होता आणि पळायला जागा नव्हती. मी तांब्या टाकला, काठी तुझ्या हातातनं हिसकावली आणि तुला मारली.

किती मारलं मला आठवत नाही. पहिला फटका खांद्यावर बसला आणि बंडी टरकन फाटली, ते आठवतंय. तू हात वर केला नाहीस. उभा राहिलास. मी मारतेय, तू उभा. हे मी आजवर कुणाला सांगितलं नाही, तुलाही नाही, आता सांगते. मला बरं वाटलं. माझ्या हाताला बरं वाटलं, दत्ता. तिसऱ्या-चौथ्या फटक्याला मला बैल-बिल काही आठवत नव्हतं, मला नुसतं मारायचं होतं. घाटात तुझं तोंड जसं दिसत होतं ना, तसंच माझं दिसत असणार. त्याचीच मला भीती बसली, तुझी नाही. तू एवढंच म्हणालास, "झालं? आता त्याला पाणी पाज, मी हळद लावतो." आधी त्याला लावलीस, उरलेली स्वतःला.

त्या दिवसापासून तुझं अंथरूण गोठ्याच्या पडवीत गेलं. आत्याबाईंनी विचारलं तर तू सांगितलंस, खोंडाला एकट्याला करमत न्हाई.

ओतूरच्या मावशीचे गुडघे गेले आणि तिची खानावळ सांभाळायला कुणी हवं होतं. मी म्हटलं चार महिने जाते. तूच मोटरसायकलवरनं सोडायला आलास. ट्रंक मांडीवर घेऊन मी मागं बसले होते. उतरल्यावर तू म्हणालास, नीट ऱ्हा. चार महिन्यांचं वर्ष झालं, मावशी वारली, खानावळ माझ्यावर पडली. काडीमोड नाही, पंचायत नाही, कुणी कुणाला टाकलं नाही. लोक विचारायचे, तर मी सांगायचे, ते गावी असतात. तू सांगायचास, ती ओतूरला असते.

पहिल्या वर्षी तू दर मंगळवारी बाजरीचं पोतं घेऊन यायचास, चहा प्यायचास, पोरींची पंगत उठेपर्यंत बाकड्यावर बसायचास. मग पोतं ठेवून उभ्या-उभ्या चहा प्यायला लागलास. मग पोतं पायरीवर असायचं आणि मोटरसायकलचा आवाज कोपऱ्यावर. शेवटी दुधाच्या टेम्पोबरोबर पोतं यायचं आणि टेम्पोवाला म्हणायचा, दत्ताभाऊंनी दिलंय. मी त्याच्याजवळ रिकामं पोतं परत द्यायचे, घडी घालून. एकदा मी त्या पोत्यात शेंगदाण्याच्या चटणीचा डबा ठेवला होता. डबा धुऊन परत आला. आत काही नव्हतं. मी तो डबा दोन दिवस फळीवर समोर ठेवला होता, काय शोधत होते देव जाणे.

बांगड्यांचं सांगायचं राहिलं. पहिल्याच वर्षी एका पोरीच्या भाकरीत काच निघाली. हिरडी फाटली तिची, ताटात रक्त पडलं. माझीच बांगडी पीठ मळताना पिचली होती. त्या दिवशी मी हातातल्या सगळ्या काढून ठेवल्या. साठ माणसांच्या भाकऱ्या थापणाऱ्या बाईनं काच घालायची नाही, एवढंच कारण होतं. नंतरच्या मंगळवारी तू आलास, चहाचा कप घेतलास, आणि माझ्या मनगटाकडं बघितलंस. तुझं बघणं मी बघितलं. तू विचारलं असतंस तर मी ती हिरडीची गोष्ट सांगितली असती, आणि आपण दोघांनी त्या पोरीबद्दल हळहळ केली असती. तू कप खाली ठेवलास आणि गेलास. तुला काय वाटलं ते आता मला कळतंय. तेव्हा मला वाटलं, ह्याला आता कशाचंच काही नाही.

आठ वर्षं मी असंच धरून चालले की आपलं संपलंय. शांतपणे संपलं, बरं झालं, शेजारच्यांना कळलंसुद्धा नाही.

यात्रेच्या दिवशी दुपारी मी भाकऱ्या टाकत होते. टेम्पोवाला दारात आला. हातात पोतं नव्हतं. म्हणाला, वहिनी, दत्ताभाऊ गेले, घाटात, हरण्यानं पोटात शिंग घातलं. मी तव्यावरची भाकरी उलटली. मग ती शेकली. मग दुसरी थापली. त्यानं माझा हात धरला तेव्हा कळलं की तिसरी जळत होती.

गावात पोचले तर अंगणात माणसांचा नुसता कालवा. गोठ्यात हरण्याला दहा जणांनी मारमार मारलं होतं, एक शिंग मुळापासून मोडलेलं, नाकातनं रक्ताचे फुगे. तुझा धाकटा भाऊ, बाळू, उंबऱ्यावर बसला होता. मला बघितल्यावर उठून आडोशाला घेऊन गेला आणि पायावर कोसळला. तो काय म्हणाला ते तुला माहीत नसेल, कारण तू पुढं वेसण धरून उभा होतास आणि तुझी पाठ... नाही, तुझं तोंड हरण्याकडं होतं. तू त्याच्या कपाळाला कपाळ लावून त्याला चुचकारत होतास.

"वहिनी, मीच चावलो," बाळू म्हणाला. "मागल्या साली थोडक्यात नंबर हुकला व्हता. दादा हरण्याला हात लावू द्यायचा न्हाई. तुमी मारलं तवापासनं त्यानं खिळा लावला न्हाई, दात लावला न्हाई. समदे हसायचे त्याला. म्हनलं एक डाव चावतो, दादाला कळायचं न्हाई."

आठ-नऊ वर्षं ज्या बैलाला कुणी दुखवलं नव्हतं, त्याला काय ठाऊक, चेव यायचाय म्हणून? त्यानं दुखलं तशी मान फिरवली. पुढ्यात तू होतास. मग बाकीचे तीन सुटले आणि गाडा तुझ्यावरनं गेला. नारायणगावचा दवाखाना यायच्या आधीच तू संपलास.

मी बाळूला मारलं नाही. माझा हात उठला होता, खरं सांगते, पण मला तो गोठा आठवला आणि माझा मार. मी तुला त्या दिवशी मारलं नसतं तर तू खिळा लावत राहिला असतास. हरण्या बाकीच्या बैलांसारखा निबर झाला असता. बाळूचे दात त्याला माशी बसल्यासारखे लागले असते आणि तू संध्याकाळी गुलाल लावून घरी आला असतास. मी ह्याचं काय करू, ते तू सांग. माझं ऐकलंस म्हणून तू मेलास का? आणि ऐकलं होतंस तर एक शब्द येऊन सांगायला काय धाड भरली होती? टेम्पोवाल्याबरोबर निरोप दिला असतास तरी मी चालत आले असते, ओतूरहून चालत.

मग बाया माझ्याकडं वळल्या. तुला उचलायच्या आधी माझ्या बांगड्या फोडायच्या होत्या. एकीनं वरवंटा आणला, एकीनं माझे हात धरले आणि सगळ्या थांबल्या. मनगटं मोकळी. फोडायला काही नव्हतंच. कुणीतरी म्हणालं, मग राहू द्या. आत्याबाई तुझ्या उशाशी बसल्या होत्या, त्या उठल्या. एवढं वय, पण आवाज खणखणीत. "मोकळ्या हातानं माझ्या लेकाला वाटंला लावायचं न्हाई. आधी भरा, मग फोडा." आणि गोठ्याच्या पडवीतनं, तुझ्या अंथरुणाशेजारच्या कोनाड्यातनं त्यांनी बिस्किटाचा पत्र्याचा डबा आणला.

आत आठ पुड्या होत्या. वर्तमानपत्रात गुंडाळून दोरा बांधलेल्या. पहिल्यांचे कागद पिवळे पडले होते, शेवटचा ह्या माघातला. प्रत्येकीत डझनभर हिरव्या बांगड्या. आत्याबाई म्हणाल्या, दर साली ओझरला जायचा आन् आणून ठिवायचा, म्हनायचा, न्यायच्यात तिला.

मला काही कळायच्या आत त्यांनी माझा डावा हात पुढं ओढला. साबण लावला. चौघी जणी मला धरून होत्या आणि एक बांगडी रेटत होती. सव्वादोनच्या, दत्ता. तू सव्वादोनच्याच आणत राहिलास. अरे, साठ माणसांचं पीठ मळून माझा हात पैलवानाचा झालाय, बोटांची पेरं सुजलीयत, मला आता अडीचची सुद्धा घट्ट होईल. ती बांगडी अंगठ्याच्या मुळाशी अडकली. आत्याबाई म्हणाल्या, जोर लावा. त्यांनी लावला. कुणीही हळू म्हणालं नाही. बांगडी माझ्या हातातच फुटली आणि काच अंगठ्याच्या मांसात गेली, चांगली बोटभर. रक्त तुझ्या पांढऱ्या कापडावर उडालं. एक बाई किंचाळली, भरतानाच फुटली म्हणून. अपशकुन म्हणे. आणखी कसला अपशकुन व्हायचा राहिला होता?

मी हिसडा दिला. एकीला ढकललं ती चुलीपाशी पडली. डबा उचलला, गोठ्यातल्या दगडी कुंडीपाशी गेले आणि एकेक पुडी त्या दगडावर आपटली. पहिल्या सालची, दुसऱ्या सालची. ओरडत होते म्हणे, मला ऐकू आलं नाही. कागदासकट, दोऱ्यासकट, आठच्या आठ. हातातनं रक्त गळतंय, एका शिंगाचा हरण्या माझ्याकडं बघतोय आणि मी आपटतेय. बाया रडायला लागल्या. त्यांना वाटलं, मी रीत पाळतेय. मी तुझ्याशी भांडत होते. आपलं पहिलं भांडण चाललं होतं आणि तू अंगणात आडवा.

ओतूरच्या डॉक्टरांनी सात टाके घातले. बाळूचा काल फोन आला होता. भावकी म्हणतेय हरण्याला बेल्ह्याच्या बाजारात उभा करा. मालकाला मारणारा बैल दुसरं कोण घेणार, कसाईच घेईल. मी म्हटलं, त्याला दावणीलाच राहू दे, मी हात बरा झाला की येते आणि त्याच्या शिंगाला मलम लावते. बाळू हो म्हणाला. किती दिवस हो राहील माहीत नाही. तो काही खात नाही म्हणे.

मला एकच गोष्ट सारखी डोळ्यांसमोर येते. तू मंगळवारी येतोस, बाकड्यावर बसतोस आणि पिशवीतनं पुडी काढतोस. त्या आठ वर्षांतला कुठलाही मंगळवार धर. मी रागावते, काच घालत नाही म्हणते, पोरीच्या हिरडीची गोष्ट सांगते. तरी हात पुढं करते. तू भरायला बघतोस आणि ती जातच नाही. तू माझा हात उलटा-सुलटा करून बघतोस, एवढा कधी झाला म्हणून. तुझे कान लाल होतात. मी म्हणते, दत्ता, बघतोयस काय, वेडा का तू?

बसल्या नाहीत तर बदलून मिळतात रे बांगड्या. ओझरची कासारीण आनंदानं बदलून देते. नुसतं घेऊन यायला लागतं.